सेना आणि सुभा : नागपूरकर पहिला रघूजी भोसले

वर्धा जिल्ह्याच्या आर्वी तालुक्यांत रोहणा हें गांव आहे. त्याच्या पश्चिमेस कांहीं कोसांवरून वर्धा नदी वाहते. आज ती ओलांडून अमरावती जिल्ह्यांत जाणाऱ्या प्रवाशाला आपण एखादी मोठी सरहद्द ओलांडीत आहों असें वाटण्याचें कारण नाहीं. अठराव्या शतकाच्या मध्यास मात्र या नदीचे दोन कांठ म्हणजे राज्यकारभाराच्या दोन निराळ्या तऱ्हा होत्या. पलीकडे वऱ्हाडांत निजामाचा आणि भोसल्यांचा असा दुहेरी अंमल चाले, आणि एकाच मुलखाच्या वसुलावर दोन सरकारांचे कामगार येऊन बसत. अलीकडे नागपूरच्या बाजूस अंमल एकट्या भोसल्यांचा. रयतेला निदान आपला धनी कोण हें ठाऊक असे. ही रेषा ज्याच्या कर्तृत्वानें आंखली गेली तो पुरुष म्हणजे नागपूरकर भोसल्यांच्या राज्याचा संस्थापक, पहिला रघूजी भोसले.

त्याच्या नांवामागें ‘सेनासाहेब सुभा’ हा किताब लागत असे. हे शब्द आपल्या इतिहासाच्या पुस्तकांतून इतक्या वेळां येतात, कीं त्यांच्या अर्थाकडे सहसा कोणाचें लक्ष जात नाहीं. सेनासाहेब म्हणजे फौजेचा धनी, आणि सुभा म्हणजे प्रांत. फौज बाळगून मुलूख जिंकावयाचा आणि जिंकलेला मुलूख सांभाळावयाचा, अशीं दोन कामें या एका पदांत एकत्र केलेलीं होतीं. दोन्ही कामांचे गुण मात्र निराळे. फौज चालती असते, प्रांत स्थिर असतो. फौजेला आजचा पगार हवा असतो, प्रांताला पुढल्या वर्षाचें बियाणें राखावें लागतें. रघूजीचें सारें चरित्र म्हणजे या दोन शब्दांमधील ओढाताण होय.

हा किताब घराण्यांत आला तो परसोजी भोसले यांच्या वेळीं. १७०७ सालीं औरंगजेब वारल्यावर शाहूमहाराज मोंगलांच्या कैदेंतून सुटून दक्षिणेस आले, तेव्हां हा खरा शाहू नव्हे, कोणी तोतया आहे, असें ताराबाईच्या पक्षानें उठविलें. त्या प्रसंगीं परसोजीनें शाहूंच्या ताटांत जेवून त्यांच्या खरेपणाची ग्वाही दिली. भोसल्यानें परक्याच्या ताटांत हात घातला नसता, हें सर्व मराठमंडळास पटलें आणि पारडें फिरलें. या निष्ठेचें फळ म्हणून वऱ्हाड व गोंडवन या बाजूची कामगिरी सेनासाहेब सुभा या पदासह परसोजीकडे कायम झाली. १७०९ सालीं तो निवर्तला आणि अधिकार त्याचा मुलगा कान्होजी याजकडे आला.

रघूजी हा या घराण्याच्या धाकट्या शाखेंतला, बिंबाजीचा मुलगा. कान्होजीला बरींच वर्षें संतान नव्हतें. त्यामुळें आजच्या यवतमाळ जिल्ह्यांतील भाम येथें कान्होजीच्या छत्राखालीं रघूजी वाढला. पुढें कान्होजीला मुलगा झाला आणि या पुतण्याची घरांतील जागा डळमळली. दुसरा एखादा तरुण अशा वेळीं रुसून बसला असता. रघूजीनें थोडेसे स्वार बरोबर घेतले आणि देवगडच्या गोंड राजाकडे व एलिचपूरच्या नबाबाकडे चाकरी करून पाहिली. शेवटीं तो साताऱ्यास शाहूमहाराजांच्या पायांशीं आला. महाराजांना शिकारीचा नाद फार, आणि रघूजी शिकारींत धाडसी. त्याची मर्जी बसली. राणीच्या नात्यांतील मुलगी त्यास देऊन महाराजांनीं त्याला आपल्या सोयऱ्यांत घेतलें. इकडे कान्होजी सरकारचा हिशेब देईना, आणि निजामाशीं त्याचें संधान आहे असा संशयहि दरबारास आला. तेव्हां १७३० च्या सुमारास त्याला पकडून आणण्याची कामगिरी रघूजीवर सोंपविण्यांत आली. ज्या घरांत तो वाढला त्याच घराच्या धन्याला त्यानें वणीजवळ गांठून कैद केलें. कान्होजीचे उरलेले दिवस साताऱ्याच्या बंदींत गेले. सेनासाहेब सुभा हें पद रघूजीला मिळालें तें अशा मार्गानें. त्यांत कर्तबगारी होती, तशीच कठोरताहि होती.

यानंतर त्याची दृष्टि पूर्वेकडे, वर्धा नदीच्या पलीकडे वळली. देवगडच्या गोंड घराण्यांतील बख्त बुलंद शहा या राजानें अठराव्या शतकाच्या आरंभीं बारा वाड्या एकत्र करून नागपूर वसविलें होतें. त्याचा मुलगा चांदसुलतान यानें शहरास तट घातला आणि तलाव बांधविला. चांदसुलतानाच्या मृत्यूनंतर वलीशहा नांवाच्या भाऊबंदानें गादी बळकाविली. तेव्हां विधवा राणी रतनकुंवर हिनें आपल्या मुलांच्या हक्कासाठीं रघूजीकडे धांव घेतली. रघूजीनें वलीशहाचा पाडाव केला आणि बुऱ्हाणशहा व अकबरशहा या राजपुत्रांस त्यांचें राज्य परत मिळवून दिलें. राणीनें त्याला तिसरा मुलगा मानून राज्याचा तिसरा हिस्सा दिला. पुढें दोघां भावांत तंटा लागला. बुऱ्हाणशहानें पुन्हां रघूजीस बोलाविलें, आणि या वेळीं बोलाविलेला पाहुणा परत गेला नाहीं. १७४३ च्या सुमारास सर्व सत्ता रघूजीच्या हातीं आली आणि नागपूर ही त्याची राजधानी झाली.

येथें रघूजीच्या स्वभावांतील सुभेदार दिसूं लागतो. त्यानें गोंड राजास मारलें नाहीं, हांकूनहि दिलें नाहीं. बुऱ्हाणशहास नागपुरांतच सन्मानानें ठेवलें, नेमणूक बांधून दिली आणि राजा हा किताब राहूं दिला. भोसल्यांच्या गादीवर नवा पुरुष बसतांना त्याच्या कपाळीं टिळा लावण्याचा मान गोंड राजाकडे राहिला, आणि ही चाल पुढेंहि चालली. यांत मुत्सद्देगिरी आहे यांत शंका नाहीं. गोंड राजाच्या नांवानें राज्य केलें म्हणजे पुण्याच्या पेशव्यास त्यांत बोट घालण्यास जागा कमी राहते, हा हिशेब उघड आहे. पण हेतु कांहींहि असो, जुन्या धन्याची अब्रू राखून नवी सत्ता बसविली गेली आणि रयतेला एका रात्रींत सारें उलटेंपालटें झाल्याचा धक्का बसला नाहीं. या मुलखांत मराठी बोलणारे कुणबी, कारकून, विणकर, भिक्षुक येऊन राहिले. परगण्यांवर कमाविसदार बसले, गांवोगांव पाटलाकडून वसूल घेण्याची रीत रुळली. ओसाड जमीन लागवडीस आली तर सरकारचा लाभ होतो हें राज्यकर्त्यास समजत होतें. कारण पुढच्या वर्षीं वसूल घेण्यास त्यालाच यावयाचें होतें. रामटेकच्या रामाच्या देवळाचा उद्धारहि परंपरा रघूजीच्याच नांवावर मांडते.

रघूजीच्या फौजेची कीर्ति मात्र नागपूरपेक्षां कर्नाटकांत आधीं पसरली. अर्काटच्या नबाबाचा जांवई चंदासाहेब यानें त्रिचनापल्ली घेतली होती, आणि तंजावरच्या भोसल्यांना त्याचा उपद्रव होत होता. शाहूमहाराजांनीं रघूजीस फत्तेसिंह भोसले यांच्यासह दक्षिणेस पाठविलें. २० मे १७४० रोजीं दामलचेरीच्या घांटांत नबाब दोस्तअल्ली मारला गेला. मार्च १७४१ मध्यें त्रिचनापल्ली पडली आणि चंदासाहेब कैदी होऊन साताऱ्यास आला. त्याची बायकामुलें पाँडिचेरीस फ्रेंचांच्या आश्रयास होतीं. तीं स्वाधीन करा, अशी रघूजीची मागणी फ्रेंच गव्हर्नर द्युमा यानें नाकारली आणि मराठी फौज पाँडिचेरीवर हल्ला न करतांच परतली. तटबंदीमागें तोफा घेऊन बसलेल्या शत्रूशीं झुंजत राहणें हें हलक्या घोडदळाचें काम नव्हे, हा धडा त्यांत होता. त्रिचनापल्लीवर मुरारराव घोरपडे यास ठेवून रघूजी परत फिरला. तो तेथें राहिला नाहीं. म्हणून त्या विजयाचें सुभ्यांत रूपांतर झालें नाहीं, आणि थोड्याच वर्षांत तें शहर निजामाच्या हातीं गेलें.

आतां बंगालकडे वळण्यापूर्वीं एका प्रश्नाचा विचार अवश्य आहे. एवढ्या मोठ्या फौजेचा पगार कोठून येत असे? मराठी राज्यांत सरदारांस प्रांत नेमून दिले जात, आणि त्यांतील पुष्कळसे प्रांत अद्याप जिंकावयाचे असत. दसऱ्याला सीमोल्लंघन करावयाचें, परमुलखांत चौथाई मागावयाची, मिळाली तर परतावें, न मिळाली तर मुलूख लुटावा, आणि पावसाळ्यापूर्वीं घरीं यावें, ही मुलूखगिरी. स्वारांत कांहीं शिलेदार असत, म्हणजे त्यांचा घोडा त्यांचा स्वतःचा. बाकीचे बारगीर, त्यांचा घोडा व हत्यार सरदाराचें. दोघांचाहि पगार थकलेला असे, आणि सरदार सावकाराचा ऋणी असे. फौज उभी केल्यावर ती घरीं बसविणें म्हणजे दिवाळें काढणें. तिला हलती ठेवणें भागच होतें. रघूजी कितीहि समर्थ असला तरी या चक्राबाहेर तो गेला नाहीं.

१७४२ च्या वसंतांत त्याचा दिवाण भास्करराम कोल्हटकर बंगालच्या स्वारीवर गेला. तेथें नबाब अलिवर्दीखान नुकताच गादीवर बसला होता, आणि त्याचे शत्रु पुष्कळ होते. त्यांपैकीं मीर हबीब नांवाचा इराणी सरदार मराठ्यांस येऊन मिळाला व वाटाड्या झाला. बरद्वानचा प्रदेश उध्वस्त झाला. मे महिन्यांत मुर्शिदाबादेवर झडप घालून जगत्‌शेटाची कोठी लुटण्यांत आली. भागीरथीच्या कांठीं काटवा येथें भास्कररामानें तळ दिला आणि थाटानें दुर्गापूजा मांडली. उत्सव चालू असतांनाच अलिवर्दीनें नदी उतरून छापा घातला आणि मराठ्यांस मागें हटावें लागलें.

दुसऱ्या वर्षीं रघूजी स्वतः आला. त्याच वेळीं बादशहाच्या बोलावण्यावरून बाळाजी बाजीराव पेशवा दुसरी मराठी फौज घेऊन बिहारमार्गें बंगालमध्यें उतरला, तो रघूजीला घालवून देण्यासाठीं! अलिवर्दीनें पेशव्यास बावीस लाख रुपये देण्याचें कबूल केलें आणि पेशव्यानें रघूजीस बंगालबाहेर पिटाळलें. बाजीरावाच्या मृत्यूनंतर बाळाजीस पेशवेपद मिळूं नये म्हणून रघूजीनें खटपट केली होती. तें वैर असें हजार मैलांवर जाऊन पेटलें. शाहूमहाराजांनीं दोघांस साताऱ्यास बोलावून ऑगस्ट १७४३ मध्यें प्रांतांची वांटणी करून दिली. बंगाल आणि ओढ्या या बाजू रघूजीच्या वांट्यास आल्या. ज्या बंगाली शेतकऱ्याच्या शेतांतून या दोन्ही फौजा गेल्या त्याला साताऱ्यास कोणी बोलाविलें नव्हतें.

मार्च १७४४ च्या अखेरीस भास्करराम पुन्हां बंगालमध्यें असतां अलिवर्दीनें तहाच्या बोलण्यासाठीं त्याला मानकरा येथें आपल्या डेऱ्यांत पाचारण केलें. शपथा झाल्या होत्या. भास्करराम वीसांहून अधिक सरदारांसह आंत गेला, आणि दबा धरलेल्या लोकांनीं त्या सर्वांस कापून काढलें. छावणी राखण्यास मागें राहिलेला रघूजी गायकवाड तेवढा फौज घेऊन निसटला. या विश्वासघातानें रघूजीच्या अंतःकरणास डागणी लागली. आतां बंगालची स्वारी ही नुसती चौथाईची राहिली नाहीं, ती सूडाची झाली. १७४५ पासून पुढें पांच-सहा वर्षें स्वाऱ्यांमागून स्वाऱ्या झाल्या. शेवटीं वृद्ध अलिवर्दी थकला आणि १७५१ सालीं तह झाला. बंगालच्या चौथाईबद्दल दरसाल बारा लाख रुपये द्यावे, ओढ्या प्रांताच्या वसुलांतून मीर हबीबानें रघूजीच्या फौजेचा खर्च भागवावा, आणि मराठी फौजेनें सुवर्णरेखा नदी ओलांडूं नये, असें ठरलें. दुसऱ्याच वर्षीं मीर हबीब हा रघूजीचा मुलगा जानोजी याच्या छावणींत हिशेबाच्या तंट्यांत मारला गेला, आणि ओढ्या प्रांत सर्वस्वीं भोसल्यांचा झाला.

या दहा वर्षांची आठवण बंगालमध्यें कशी राहिली? महाराष्ट्रांतील वाचकानें हें ऐकण्याचें धैर्य धरलें पाहिजे. आपला ‘बारगीर’ हा शब्द तेथें ‘बर्गी’ झाला, आणि मूल झोंपत नसलें म्हणजे आई बर्गीचें भय गाऊं लागली. ती अंगाई बंगालच्या घरोघरीं पिढ्यान्‌पिढ्या गाइली गेली. सारा कशानें भरावा ही चिंता पाळण्याशीं बसून गावी लागावी, यावरून त्या घरची अवस्था कळते. गंगाराम नांवाच्या बंगाली कवीनें ‘महाराष्ट्रपुराण’ म्हणून एक काव्य लिहिलें. त्यांत जळणारीं गांवें, डोक्यावर बोचकीं घेऊन पळणारे ब्राह्मण व विणकर, बायकांवरील अत्याचार यांचें वर्णन आहे. बरद्वान दरबारचा पंडित वाणेश्वर विद्यालंकार यानें ‘चित्रचंपू’ या आपल्या संस्कृत ग्रंथांतहि तीच हकीकत मांडली आहे. म्हणजे साक्ष देणारे हिंदू आहेत, आणि ज्यांच्याविरुद्ध साक्ष आहे तेहि हिंदूच आहेत. कलकत्त्याच्या रहिवाशांनीं मराठ्यांच्या भीतीनें शहराभोंवतीं खंदक खणावयास घेतला. तो पुरा झाला नाहीं, पण ‘मराठा खंदक’ हें त्याचें नांव इतिहासांत राहिलें.

याच रघूजीच्या घराण्याचा ओढ्या प्रांतांत मात्र अंमल बसला. तेथें सुभेदार नेमले गेले, यात्रेकरूंची वहिवाट चालली, जगन्नाथपुरीच्या देवस्थानाची व्यवस्था लागली. कोणार्कचा अरुणस्तंभ पुरीस आणून सिंहद्वारासमोर उभा केला गेला तो मराठी अमलांतच. तो कारभार निर्दोष होता असें नव्हे. वसुलाची सक्ति तेथेंहि होती. तरी पण बंगालमध्यें जें निव्वळ संकट होतें तें येथें सरकार झालें. स्वार तेच, सरदार तेच, किताबहि तोच. भेद एवढाच, कीं एका ठिकाणीं फौज येऊन गेली, दुसऱ्या ठिकाणीं ती राहिली.

हा प्रकार केवळ मराठ्यांचा नव्हे. युरोपांत १६१८ ते १६४८ पर्यंत तीस वर्षांचें युद्ध चाललें. त्यांत वॉलेनस्टाइन नांवाचा बोहेमियाचा उमराव बादशहाचा सेनापति आणि आपल्या प्रांताचा लष्करी सुभेदारहि होता. शत्रूच्या व मित्राच्याहि मुलखांतून खंडणी उकळून त्यानें प्रचंड फौज पोसली, आणि जर्मनींतील कित्येक प्रांत त्यांत भिकेस लागले. पण त्याची स्वतःची फ्रीडलंडची जहागीर भरभराटींत होती. तेथें शेती नांदत होती, कारखाने चालत होते, आणि लोक तिला ‘सुखी भूमि’ म्हणत. १६३४ सालीं बादशहाच्याच पक्षाच्या लोकांनीं त्याचा खून केला. फ्रीडलंडला विचारलें तर तो उत्तम राज्यकर्ता, शेजारच्या प्रांताला विचारलें तर तो काळ. नागपूर आणि बरद्वान यांच्या साक्षींत असेंच अंतर आहे.

रघूजी उतारवयांत दरबारांतील वजनदार पुरुष झाला होता. १७४९ च्या डिसेंबरांत शाहूमहाराज वारले आणि ताराबाईनें आपला नातू म्हणून रामराजास पुढें आणलें. त्या वेळीं रघूजीनें धरलेला आग्रह ग्रँट डफनें नमूद केला आहे. ताराबाईनें भाऊबंदांसमक्ष रामराजासह जेवावें आणि त्या अन्नाची शपथ घेऊन हा माझा नातू असें सांगावें, म्हणजे आपण मान्य करूं, असा तो आग्रह होता. परसोजीच्या ताटाची गोष्ट घराण्यांत चाळीस वर्षें जिवंत होती, असें यावरून दिसतें. चांद्याचें गोंड राज्यहि याच सुमारास त्याच्या ताब्यांत आलें. छत्तीसगड आधींच आलें होतें. वऱ्हाडापासून समुद्रापर्यंत सत्ता पसरली असतां १४ फेब्रुवारी १७५५ रोजीं नागपूर येथें त्याचा अंत झाला.

त्याच्यामागें जानोजी, मुधोजी, साबाजी व बिंबाजी या चार पुत्रांत वारशाचा तंटा लागला, आणि निवाडा करण्याच्या निमित्तानें पुण्याचा हात नागपुरांत शिरला. १८०३ सालीं आडगांव व गाविलगड येथें इंग्रजांनीं भोसल्यांचा पराभव केला. देवगांवच्या तहानें ओढ्या प्रांत गेला, आणि वर्धा नदीच्या पश्चिमेकडील वऱ्हाडहि गेलें. तेव्हांपासून रोहण्याजवळची ती नदी खरोखरीची सरहद्द झाली. १८५३ सालीं नागपूरचें राज्य खालसा झालें.

२०२५ सालीं लंडन येथें एका लिलावांत रघूजीची म्हणून एक तलवार विक्रीस आली आणि महाराष्ट्र सरकारनें ती सुमारें ४७ लाख रुपयांस घेऊन मायदेशीं आणली. पातें युरोपीय बनावटीचें आहे, म्हणून तिला फिरंग म्हणतात, आणि तिच्यावर देवनागरी अक्षरांत रघूजीचें नांव व ‘सेनासाहेब सुभा’ हा किताब कोरलेला आहे. तलवार घरीं आली याचा आनंद योग्य आहे. आपल्या पूर्वजांच्या वस्तु आपल्या मुलांनीं पाहाव्यात.

परंतु ती तलवार मुलांना दाखवितांना किताबांतील दोन्ही शब्दांचा अर्थ सांगावा. ज्या मुलखांत रघूजी राहिला तेथें त्याला उद्यांचा विचार करावा लागला, आणि म्हणून नागपूर वाढलें, वर्धेच्या अलीकडील शेतें नांगराखालीं आलीं, गोंड राजाची अब्रू राहिली. ज्या मुलखांतून त्याची फौज नुसती गेली तेथें उद्यांचा विचार कोणीच केला नाहीं, आणि तेथील मातेच्या तोंडीं त्याच्या स्वाराचें नांव भयाचें म्हणून राहिलें. माणूस एकच होता, शूर होता, बुद्धिमान होता. सत्ता कोणाचीहि असो, जेथें तिला पुन्हां यावयाचें नसतें तेथेंच तिच्या नीतीची खरी कसोटी लागते. रघूजीचें चरित्र अभिमानानें वाचावें, आणि वाचतांना बरद्वानच्या त्या पाळण्याकडेहि कान असूं द्यावा.